आधी तोंड बघा, मग रंग

(ठाण्यात घोडबंदर रोडवरच्या एका गृहसंकुलात, बागेत हौद बांधून घेतलेल्या रहिवाशांपुढे दिलेल्या व्याख्यानाचं संपादित शब्दांकन)

नमस्कार मंडळी. तुमचा हौद मी आत्ताच बघून आलो. दहा फूट लांब, सहा फूट रुंद, तीन फूट खोल, म्हणजे साधारण पाच हजार लिटर पाणी. त्यात कोणकोणते मासे एकत्र नांदतील, हा तुमचा प्रश्न. माझं मत आधीच सांगून टाकतो, पटलं नाही तर शेवटी वाद घालू. हौदातले मासे भांडतात असं आपण म्हणतो, तेव्हा बहुतेक वेळा त्यांना भूक लागलेली असते, श्वास अपुरा पडत असतो, विणीचा काळ असतो, नाहीतर एक जण दुसऱ्याला चक्क जेवत असतो. यातलं बरंचसं आपण दुकानातच ठरवून टाकलेलं असतं. म्हणून आधी माशाचं तोंड बघायचं, मग शेपटी, आणि रंग सगळ्यात शेवटी.

कोई म्हणजे हौदात पाळतात तो रंगीत कार्प. त्याच्या जबड्यात दात नसतात. ते घशात असतात आणि गोगलगायीचं कवच फोडायला पुरतात. तोंड नळीसारखं पुढे काढून तो पाण्यासकट खाद्य आत ओढतो. त्या ओढीत छोटा गप्पी मासा सापडला की संपला. कोई विकत घेताना चार इंचांचा असतो, पण चांगलं पाणी आणि जागा मिळाली तर काही वर्षांत दोन फुटांचा होतो. आज शेजारी म्हणून आणलेला गप्पी उद्या त्याचा घास होणार, हे घेतानाच धरून चालावं.

आता शेपटी. गोल्डफिश ही एकच जात असली तरी चीनपासून सुरू झालेल्या शेकडो वर्षांच्या पैदाशीतून तिची इतकी रूपं निघाली, की काहींना एका हौदात ठेवणं अन्यायाचं आहे. कॉमेट आणि शुबंकिन एकेरी शेपटीचे, लांबट, चपळ. ओरँडा, र्‍युकिन, टेलिस्कोप हे गोलमटोल आणि दुहेरी शेपटीचे, यांनाच फॅन्सी म्हणतात. खाद्य टाकताना हौदाच्या काठावर दोन मिनिटं बसा. पहिला दाणा पडायच्या आत कोई वर आलेले असतात, तोंडं उघडी, पाणी खळखळतंय. कॉमेट त्यांच्या मधून घुसून आपला वाटा उचलतात. ओरँडा तिकडून डुलत डुलत निघतो. डोक्यावरची मांसल टोपी डोळ्यांवर आलेली, त्यामुळे दाणा नेमका कुठे आहे ते त्याला धड दिसत नाही. तो पोचेपर्यंत वर फक्त फेस उरतो. गर्दीच्या वेळी कर्जत फास्ट लोकलमध्ये पिशवी घेऊन चढू बघणाऱ्या आजींचं जे होतं, तेच. कोणी त्याला मारलेलं नसतं, तरी दोन महिन्यांत तो खंगतो आणि आपण म्हणतो, कोईने छळलं.

त्यामुळे माझी पहिली शिफारस अशी: फॅन्सी गोल्डफिश वेगळ्या टाकीत ठेवा, आणि या हौदात कोई किंवा कॉमेट यांपैकी एक मुख्य मासा निवडा. दोघे एकत्र राहू शकतात, आकार जवळपास सारखा असेल तर छान राहतात. पण एका मोठ्या कोईला निदान हजार लिटर पाणी धरायचं असा ठोकताळा आहे. म्हणजे तुमच्या हौदात कसेबसे पाच, आणि मग बाकी कोणाला जागा नाही. मला विचाराल तर पाच हजार लिटरला कोई नकोच. दहा-बारा कॉमेट आणि शुबंकिन घ्या. शुबंकिनच्या अंगावरचा निळसर ठिपकेदार रंग वरून बघताना कोईइतकाच देखणा दिसतो, आणि बागेतला हौद आपण वरूनच बघतो.

मघाशी एका ताईंनी विचारलं, पावसाळा लागला की मासे एकमेकांच्या मागे वेड्यासारखे का धावतात? आपल्याकडे पहिल्या पावसात ओढ्याला चढणीचे मासे येतात, वलगणीचे म्हणतात काही जण, ते तुम्ही पाहिलं असेल. नवं पाणी आलं की माशांना विणीची हाक मिळते. कोई ज्या कार्प कुळातला आहे, त्यातला साधा कार्प आपल्या देशात जानेवारी ते मार्च आणि पुन्हा जुलै-ऑगस्टमध्ये जोरात वितो. हौदात नर मादीला ढुशा देत झाडीत ढकलतो. नर गोल्डफिशच्या गालफडांवर तेव्हा बारीक पांढरे दाणे उमटतात. दुकानदार ते बघून रोगाचं औषध विकतो. घेऊ नका. पांढऱ्या ठिपक्यांच्या रोगात ठिपके अंगभर आणि परांवर कसेही येतात. विणीचे दाणे गालफडांवर आणि पुढच्या परांच्या कडेला ओळीने असतात. मादी एकच आणि नर चार असले, तर मात्र तिचे खवले निघेपर्यंत पाठलाग होतो. तेव्हा दोन दिवस तिला वेगळं काढा. कोई आणि गोल्डफिश यांचा संकरही होतो. पिल्लं बहुधा मळकट तपकिरी निघतात आणि मोठी होऊन सहसा वांझ राहतात.

आता ज्यांना हौदात घ्यायचंच नाही, ते. पहिला सकर. काचेवरचं शेवाळ खातो म्हणून घेतलेला तीन इंची सकर फुटाचा होतो, आणि शेवाळ कमी पडलं की रात्री संथ माशाच्या अंगाला चिकटून त्वचेवरचा बुळबुळीत थर खरवडतो. सकाळी माशाच्या कुशीवर गोल, फिकट, खरखरीत डाग दिसला तर रोगाच्या आधी सकरवर संशय घ्या आणि रात्री अकराला टॉर्च घेऊन हौदावर या. दुसरा फ्लॉवरहॉर्न. हा भाग्य आणतो म्हणून हॉलमध्ये असतो, मोठा झाला की कोणीतरी तो सोसायटीच्या हौदाला दान देतं. त्याचं दान स्वीकारू नका. तो खरोखर भांडतो, भूक लागो न लागो. टायगर बार्ब छोटा दिसतो, पण लांब शेपट्या कुरतडतो. चिलापी तळात खड्डे करून पहारा देते आणि पिल्लं तोंडात सांभाळते, त्यामुळे ती वाढतच जाते. नाल्यातून पोरांनी आणलेला मरळ तर रात्रीत हिशेब चुकता करतो. लाल कानाचं कासव माशांच्या शेपट्या खातं. देशी कासवांना वन्यजीव संरक्षण कायदा, १९७२चं संरक्षण आहे, हौसेखातर ती हौदात आणून ठेवू नयेत.

डेंग्यूच्या दिवसांत महापालिकेची माणसं साचलेलं पाणी तपासायला येतात, तेव्हा गप्पी हवेतच ना, असं सगळे म्हणतात. कोई आणि कॉमेटही डासांच्या अळ्या खातात, पण काठाच्या उथळ, पानांनी झाकलेल्या पाण्यात ते पोचत नाहीत. तिथे गप्पी कामाचे. हौदाच्या एका टोकाला दगड रचून त्यावर पाणवनस्पतींची दाट झाडी करा, मोठे मासे आत शिरणार नाहीत इतक्याच फटी ठेवा. गप्पी महिन्याभराने पिल्लं देत राहतात, थोडी बाहेर जाऊन खाल्ली जातात, बाकी टिकतात. कुमुदाच्या कुंडीत वर मुठीएवढे गोटे मांडा, नाहीतर कोई माती उकरून कंदच तरंगवतो.

शांततेचा सगळ्यात मोठा भाग पाण्यात विरघळलेला असतो. २० अंश सेल्सिअसला लिटरभर पाण्यात सुमारे ९ मिलिग्रॅम प्राणवायू मावतो, ३० अंशांना साडेसातच. मे महिन्यात तुमचा उघडा हौद ३० ओलांडतो. त्यात पाणी हिरवं असेल तर रात्रभर शेवाळही प्राणवायू वापरतं, आणि पहाटे पाचला सगळे मासे पृष्ठभागावर तोंडं वासून असतात. एअर पंप दिवसा बंद ठेवला तर एक वेळ चालेल, रात्री कधीच नाही. वीज गेली तर काय, याचं उत्तर आधी शोधा.

घोडबंदरला टँकर येतो. आज एका विहिरीचं पाणी, उद्या दुसऱ्या बोअरचं. नळाच्या पाण्यात क्लोरीन. म्हणून एका वेळी पाचवा हिस्साच पाणी बदला, क्लोरीनसाठी सोडियम थायोसल्फेट वापरा. नवा फिल्टर बसवल्यावर त्यातले घाण पचवणारे जिवाणू रुजायला चार ते सहा आठवडे लागतात, तोवर मासे मोजकेच ठेवा आणि खाद्य हात राखून टाका. कार्प कुळातल्या माशांना जठर नसतं, त्यामुळे एकदम भरपूर टाकण्यापेक्षा थोडं थोडं, हौदाच्या दोन टोकांना एकाच वेळी टाकणं चांगलं. एका टोकाला दांडगे जमले की दुसऱ्या टोकाला बुजऱ्यांना मिळतं. जुलैच्या पावसाने पाणी पातळ होतं, आम्लता एकदम बदलू शकते. त्यावर घरचा उपाय: तिसऱ्यांच्या शिंपल्या उकळून, स्वच्छ धुऊन जाळीच्या पिशवीत भरायच्या आणि फिल्टरमध्ये ठेवायच्या. पाणी आम्लाकडे झुकलं की त्यातला चुना हळूहळू विरघळतो. नवा सिमेंटचा हौद असेल तर उलटी अडचण, त्यातून चुना सुटत राहतो. तो अनेकदा भरून रिकामा करा, मगच मासे सोडा.

नवा मासा आणला की तीन आठवडे वेगळ्या टाकीत. आर्ग्युलस ही माशांची ऊ, बारीक चपटी चकती, अंगावर सरकताना डोळ्यांनी दिसते. एका आजारी माशामागे अख्खा हौद जातो.

बगळ्याबद्दल विचारलंत. वंचक, म्हणजे तळ्याकाठचा बगळा, आणि खंड्या येणारच, वर नायलॉनची जाळी ताणून बांधा, सैल ठेवलीत तर पक्षी त्यात अडकतात. पाणदिवड दिसला तर मारू नका, तो बिनविषारी आहे, सर्पमित्रांना फोन करा.

राहिला प्रश्न जास्त झालेल्या माशांचा. मासुंदा किंवा उपवन तलावात नेऊन सोडणं हा उपाय नव्हे. सकर देशातल्या अनेक तलावांत असाच पोचला आहे आणि मच्छीमारांची जाळी फाडतो आहे. ओळखीचा दुकानदार परत घेतो, नाहीतर ज्याच्याकडे हौद आहे त्याला द्या. आणि तुमच्या ओव्हरफ्लोचा पाइप थेट पावसाळी गटारात जातो, हे मी मघाशी पाहिलं. त्याला मच्छरदाणीचं कापड बांधा, गप्पीचं पिल्लू जेमतेम सहा-सात मिलिमीटरचं असतं. कापडात पानं अडकून पाणी तुंबतं, म्हणून जोराच्या पावसात दर दोन तासांनी कोणीतरी ती काढायला लागतील. ते कोण काढणार हे आजच, इथेच ठरवा. सोसायटीच्या सभेत ते ठरत नाही.