नाव कहवाखान्याचं, वाफ चहाची

तेहरानचा जुना भाग. सकाळ आत्ताच उजाडलीय, पण समोवार, म्हणजे चहाचं पाणी उकळायचं धातूचं भांडं, कधीचा उकळतोय आणि त्याच्या डोक्यावर चिनी मातीची किटली बसलीय.

पाटीवर ‘कहवाखाना’ असलं तरी इथे कहवा, म्हणजे कॉफी, नाही. सफवी राजांच्या काळात, सोळाव्या-सतराव्या शतकात, इस्फहान शहरात हे अड्डे भरू लागले तेव्हा कॉफीच प्यायची असे. एकोणिसाव्या शतकात रशियातून समोवार आला, चहा रुळला, आणि कॉफीचं फक्त नाव उरलं. पुढे 1900च्या सुमारास काशेफ अल-सल्तने या इराणी मुत्सद्द्यांनी चहाची लागवड भारतातल्या कांगड्याहून उत्तर इराणातल्या लाहिजानला नेली.

या आजोबांकडे बघा. हातात कमरेशी निमुळता होणारा काचेचा पेला, एस्तेकान. ते तो उजेडात धरून रंग पारखतात. मग साखरेचा खडा दातांत धरतात आणि कोरा चहा त्यातून ओढून घेतात. चहा असावा लबरीझ, लबसूझ, लबदूझ: काठोकाठ भरलेला, ओठांना चटका देणारा, आणि इतका गोड की ओठ चिकटावेत.

पूर्वी एकेका धंद्याचा एकेक कहवाखाना असे. काम हवं असलेला गवंडी गवंड्यांच्या कहवाखान्यात येऊन बसे. बायका मात्र इथे फिरकत नसत. आता कुटुंबंही दिसतात.

आणि संध्याकाळ नक्कालाची, म्हणजे गोष्टी रंगवून सांगणाऱ्याची. हातात काठी, तोंडी शाहनामा, इराणचं जुनं वीरकाव्य. रुस्तुम आपल्याच मुलावर, सोहराबवर, खंजीर उगारतो... आणि नक्काल थांबतो. पुढचं उद्या! सोहराब मरणार हे प्रत्येकाला ठाऊक असतं, तरी त्याला आज मारू नकोस म्हणून लोक नक्कालापुढे पैसे ठेवत, असं सांगतात. ऐकणाऱ्यांचा असा जीव गुंतणं फार मोठी गोष्ट आहे. 2011 साली युनेस्कोने ही कला तातडीने जपायला हव्या अशा वारशांच्या यादीत घेतली. ऐकायला बसणारेच कमी झाले, तर नक्काल कुणासाठी थांबणार?

आजोबा उठतात, पैसे पुढे करतात. मालक म्हणतो, “काबेल नदारे.” एवढ्याशा चहाचे कसले पैसे! आजोबा पुन्हा हात पुढे करतात, मालक पुन्हा नको म्हणतो. तिसऱ्या खेपेला घेतो. हा तारोफ, इराणी आग्रह-नकाराचा शिष्टाचार, तो दोघांनीही पाळायचा असतो.

दारातून आजोबा वळून म्हणतात, “खस्ते नबाशिद.” थकू नका.

मालक छातीवर हात ठेवतो, आणि पुढचा एस्तेकान विसळायला घेतो.