पंखाच्या आत बसलेली ती

पडद्यावर दिसणारी ही लांबच लांब इमारत म्हणजे अमेरिकेच्या मिशिगन राज्यातील इप्सिलँटीजवळचा विलो रन कारखाना. 1941 पर्यंत इथे शेती होती. चार इंजिनांचे बी-24 लिबरेटर हे बॉम्बफेकी विमान मोटारीप्रमाणे सरकत्या साखळीवर जोडायचे, असा फोर्ड कंपनीचा मनसुबा होता. पण सुरुवातीला काम इतके रखडले की 'विल इट रन?' (हा चालेल तरी का?) अशी कारखान्याच्या नावाची टर उडू लागली. 1944 मध्ये मात्र इथून साधारण तासाला एक विमान बाहेर पडत होते.

1943 मध्ये इथे सुमारे 42,000 कामगार होते आणि त्यांपैकी जवळजवळ एक तृतीयांश स्त्रिया होत्या. 'रोझी' या नावाने दंतकथा झालेल्या स्त्री-कामगाराचा एक चेहरा, केंटकीहून आलेल्या रोझ विल मन्रो, इथेच रिव्हेट, म्हणजे पत्रे एकमेकांना जोडणारे धातूचे खिळे, मारत असत.

एका लिबरेटरला तीन लाखांहून अधिक रिव्हेट लागत, आणि रिव्हेट एकटीने बसवता येत नाही. बाहेरची स्त्री रिव्हेट भोकात घालून त्याच्या डोक्यावर हवेच्या दाबाने चालणारी बंदूक टेकवते. पत्र्यामागे, पंखाच्या अरुंद पोकळीत अंग चोरून बसलेली दुसरी त्याच्या शेपटाशी पोलादी ठोकळा घट्ट धरून ठेवते, आणि धक्के सुरू होताच शेपूट चेपून पसरते व पत्रे एकमेकांना जखडले जातात. ठोकळा जरासा तिरका लागला, की रिव्हेट ड्रिलने काढून पुन्हा बसवायचा. दोघींना एकमेकींचा चेहरा दिसत नाही, कानठळ्या बसवणाऱ्या गोंगाटात शब्दही ऐकू येत नाहीत, म्हणून पत्र्यावर टकटक करून खुणा चालतात. प्रचारपटांत बंदूक धरणारीच दिसते. ठोकळा धरणारीचे छायाचित्र काढणार तरी कुठून?

संरक्षण उद्योगांतील वांशिक भेदभावाला जून 1941 च्या अध्यक्षीय आदेशाने बंदी होती, तरीही कृष्णवर्णीय स्त्रियांना घेण्यात इथे बरीच टाळाटाळ झाली.

जून 1945 मध्ये, 8,685 विमानांनंतर, उत्पादन थांबले. युद्धानंतर कानपूरला टाकून दिलेल्या लिबरेटर विमानांची हिंदुस्तान एअरक्राफ्टने डागडुजी केली आणि भारतीय हवाई दलाने ती 1968 पर्यंत वापरली. त्यांतले एक, विलो रनमध्येच बांधलेले, भारताने 1974 मध्ये ब्रिटनला दिले. ते आज रॉयल एअर फोर्सच्या संग्रहालयात आहे. त्याच्या पंखाखाली उभे राहिले की रिव्हेटच्या डोक्यांच्या रांगा दिसतात. शेपटे आतल्या बाजूला आहेत.