हातभर शंकूचं झाड

(दृश्य: उंच फांदीच्या अगदी टोकाला लोंबणारे शंकू. फक्त वाऱ्याचा आवाज.)

कोपर टेबलावर टेकवा. पंजा सरळ वर. कोपरापासून मधल्या बोटाच्या टोकापर्यंतच्या अंतराला आपल्याकडे एक हात म्हणायचे. सुमारे १८ इंच. कापड, दोरी, विहिरीचं पाणी, सगळं हातानं मोजलं जायचं.

या झाडाचा शंकू, म्हणजे खवल्यांत बिया धरणारं त्याचं बोंड, तोही हातानंच मोजावा असा. लहानसा म्हटला तरी वीतभर, आणि चांगला वाढलेला हातभर.

झाडाचं नाव शुगर पाइन. अमेरिकेच्या ओरेगनमधले डोंगर, कॅलिफोर्नियातली सिएरा नेवाडा आणि तिथून खाली मेक्सिकोतल्या बाहा कॅलिफोर्नियापर्यंत याचा मुलूख. जगातल्या सगळ्या पाइनमध्ये हा उंच. ६० मीटर म्हणजे काही विशेष नाही. सुईसारखी पानं पाच-पाचच्या जुडीत येतात. खोडाला जखम झाली की राळ झिरपते आणि वाळून तिचे गोड खडे होतात, नाव त्यावरून पडलं. खडा जिभेवर ठेवायला हरकत नाही. जास्त खाल्ले तर मात्र पोट बिघडतं.

(दृश्य: योसेमिटी, मारिपोसा ग्रोव्ह. पर्यटक मान वर करून बघताहेत.)

भारतातून आई-बाबा आले की कॅलिफोर्नियातली मराठी मंडळी त्यांना हमखास इथे आणतात. सगळे कॅमेरे सेकोया नावाच्या महाकाय झाडांकडे. बरोबरच आहे, एवढं अवाढव्य खोड दुसरीकडे कुठे बघायचं? पण त्या सेकोयाचा शंकू असतो कोंबडीच्या अंड्याएवढा. त्याच वाटेवर पायाशी जो हातभर लांब, तपकिरी, खवले उघडलेला शंकू पडलेला दिसतो, तो शेजारच्या शुगर पाइनचा. बघा, फोटो काढा आणि तिथेच ठेवा. राष्ट्रीय उद्यानातून तो उचलून नेता येत नाही.

वजनाचा मान मात्र याच्याकडे नाही. तो याच्या दक्षिणेकडच्या भाऊबंदाचा, कोल्टर पाइनचा. त्याचा ओला शंकू चार-पाच किलोंपर्यंत भरतो आणि खवल्यांना वाघनखांसारखे आकडे असतात. नारळाखाली खाट टाकू नये, तसा त्याच्याखाली तंबू ठोकू नये.

(दृश्य: पेन्सिलीनं कागदावर शंकूचं चित्र काढणारा हात.)

१८२५. लंडनच्या हॉर्टिकल्चरल सोसायटीसाठी बिया आणि रोपं गोळा करत डेव्हिड डग्लस हा स्कॉटिश माणूस ओरेगनच्या भागात फिरत होता. तिथल्या एका मूळ रहिवाशाच्या तंबाखूच्या चंचीत त्याला पाइनच्या भल्यामोठ्या बिया दिसल्या. लोक त्या खात. डग्लसला झाडच हवं होतं.

२६ ऑक्टोबर १८२६. अम्प्क्वा नदीचा परिसर. वाटेत एक माणूस आडवा आला, धनुष्याची दोरी ताणून. डग्लसनं बंदूक पायाशी ठेवली, त्याला खुणेनं जवळ बोलावलं, तंबाखू दिली. मग कागदावर शंकूचं चित्र काढून दाखवलं. भाषेची गरजच पडली नाही. त्या माणसानं लगेच दक्षिणेकडच्या डोंगराकडे बोट केलं.

झाडं सापडली. वाऱ्यानं पाडलेल्या एका खोडाचा घेर ५७ फूट ९ इंच भरला. पण शंकू होते उभ्या झाडांच्या शेंड्याला. चढणं अशक्य, तोडणं अशक्य. मग डग्लसनं बंदूक घेतली आणि शंकू गोळीनं पाडायला लागला.

आवाज ऐकून आठ जण आले, तांबडी माती फासलेले, धनुष्यबाण आणि भाले घेऊन. एक जण गारगोटीच्या सुरीला धार लावायला बसला. डग्लस मागे सरकला, बंदूक रोखली. आठ-दहा मिनिटं दोन्ही बाजू नुसत्या बघत उभ्या. शेवटी त्यांच्यातल्या म्होरक्यानं खूण केली: तंबाखू. डग्लस म्हणाला, देतो, आधी शंकू आणा. ते शोधायला वळले, आणि यानं हाती लागलेले तीन शंकू नि थोड्या डहाळ्या उचलून धूम ठोकली. तंबाखू काही मिळाली नाही त्या लोकांना. रात्री गवतात पडून, बंदूक शेजारी ठेवून, राळ भरलेल्या लाकडाच्या उजेडात त्यानं हे सगळं लिहून ठेवलं.

(दृश्य: फांदीवर खार. धप्प असा आवाज.)

या जंगलात एक खार आहे, तिला डग्लसचंच नाव दिलं गेलंय. ती शेंड्यावर जाते, हिरवा शंकू देठाशी कुरतडते आणि खाली सोडून देते. बंदूक नाही, तंबाखूही नाही.

(दृश्य: सालीवर नारिंगी फोड आलेली फांदी.)

गव्हावरचा तांबेरा आपल्याला माहीत आहे. त्याच जातकुळीतली एक बुरशी १९१० च्या सुमारास रोपवाटिकेतल्या रोपांबरोबर युरोपातून उत्तर अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर आली. एका पाइनवरून ती थेट दुसऱ्या पाइनवर जात नाही, मध्ये तिला करंट किंवा गूजबेरीचं झुडूप लागतं. म्हणून १९३० च्या दशकात सरकारी छावण्यांतल्या बेरोजगार तरुणांनी डोंगरच्या डोंगर पालथे घालून ती झुडपं उपटली. झुडपं पुन्हा उगवली. बुरशी सुयांतून सालीत शिरते, फांदीला वेढा घालते, आणि कोवळं झाड असेल तर ते संपतंच.

पण आजारी जंगलात अधूनमधून एखादं झाड ठणठणीत उभं असतं. त्याच्यात ही बुरशी रोखणारा एक जनुक असतो. अशी झाडं फार थोडी, आणि काही ठिकाणी बुरशीनं या जनुकावरही मात केलीय. तरी शोध चालू आहे. हा जनुक असावा असं वाटणाऱ्या झाडाच्या बियांपासून रोपं करतात, दमट खोलीत ठेवतात, वर बुरशी लागलेली करंटची पानं पसरतात आणि वाट बघतात. सुयांवर पिवळे ठिपके पसरून साल पोखरली गेली नाही, तर रोगाला दाद न देणारं म्हणून त्या मूळ झाडाला क्रमांक मिळतो.

आणि मग बियांसाठी त्याचे शंकू हवे असतात. पिकून उघडण्याआधी, खारीच्या आधी.

(दृश्य: हेल्मेट घातलेला माणूस दोरावरून वर चढतोय. कॅमेरा खालून.)

डग्लसला जे जमलं नाही ते आता दोर आणि पट्टे लावून जमतं. फांदीच्या टोकापर्यंत हात लांबवायचा, देठ पिरगाळायचा, पोत्यात टाकायचा. हिरवा शंकू राळेनं माखलेला असतो. खाली उतरल्यावर बोटं बोटांना चिकटतात, साबणाला दाद देत नाहीत. फणस सोलताना आपण लावतो, तसं तेलच चोळावं लागतं.