सुई, बाण आणि २४ फ्रेम

(दृश्य: फिरण्याआधीची काळी तबकडी. लेबलालगत कोरलेला बारीक बाण. सुई खाली येते.)

हा बाण नीट पाहा. सुई नेमकी इथंच टेकवायची. तिकडे प्रोजेक्टरच्या गेटमध्ये, म्हणजे फिल्म दिव्यापुढून सरकते त्या चौकटीत, ‘स्टार्ट’ची खूण असलेली फ्रेम बसवायची, मगच मोटर चालू करायची. पडद्यावरचे ओठ आणि कानावर पडणारे शब्द यांचा सगळा मेळ या दोन खुणांवर अवलंबून.

ही व्हायटाफोन पद्धत: चित्र फिल्मवर, आवाज वेगळ्या तबकडीवर. वॉर्नर ब्रदर्सनं ती ६ ऑगस्ट १९२६ रोजी न्यूयॉर्कच्या प्रेक्षकांपुढे आणली. एडिसनच्या १९१३ च्या किनेटोफोन या बोलपट-यंत्रात आवाज वाजवणारा फोनोग्राफ पडद्यापाशी, प्रोजेक्टर थेट मागं आणि दोघांना जोडायला थिएटरभर ओढलेली दोरी! ती जरा घसरली की मेळ संपला. व्हायटाफोननं एकाच मोटरवर दोन्ही यंत्रं फिरवली. माझ्या मते खरी प्रगती इथं झाली.

(दृश्य: तबकडीवरच्या खाचा, अगदी जवळून.)

तबकडी १६ इंची, वेग मिनिटाला ३३⅓ फेरे. सेकंदाला २४ फ्रेमनं १००० फुटांचं रीळ अकरा मिनिटं चालतं. तेवढा आवाज एका बाजूवर मावायला हवा, म्हणून हा संथ वेग. सुई मात्र आतून बाहेर जाते. आतल्या फेऱ्यांत खाच सुईखालून सर्वांत सावकाश सरकते, तिथले बारीक स्वर उचलायला टोक धारदार लागतं. पोलादी सुई झिजत जाते, तोवर ती बाहेरच्या ऐसपैस फेऱ्यांवर पोचलेली असते. प्रत्येक तबकडीला नवी सुई. तबकडीही साधारण वीस वेळा वाजली की बाद.

सुईनं एक खाच उडी मारली, तर आवाज १.८ सेकंदांनी, म्हणजे ४३ फ्रेमनी सरकतो. नायिका बोलते आणि आवाज नायकाचा! पुढचं रीळ लागेपर्यंत हा गोंधळ तसाच.

फिल्म तुटली तर आणखी पंचाईत. मूकपटात खराब फ्रेम कापून टोकं चिकटवली की भागायचं. इथं तबकडीतला आवाज कापता येत नाही. म्हणून गेलेल्या फ्रेम मोजायच्या आणि तेवढीच काळी फिल्म मध्ये जोडायची. फूटभर फिल्म गेली तर बरोबर १६ काळ्या फ्रेम. पडदा क्षणभर काळा होतो, पण पुढचा शब्द ओठांवरच येतो.

(दृश्य: चित्राशेजारी ध्वनीची पट्टी छापलेली फिल्म.)

काही वर्षांतच आवाज फिल्मच्या कडेला छापला जाऊ लागला. आता तुकडा कापला, की चित्राबरोबर आवाजही तेवढाच कमी व्हायचा.