हरताळ फासलेलं पान

(दृश्य : माळ्यावरून उतरणारी पेटी)

वडोदरा, दांडिया बाजार. वाड्याच्या माळ्यावरची पत्र्याची पेटी खाली येते आहे. आत लाल रुमाल, रुमालात दोन फळ्या, फळ्यांमध्ये पोथी. सोबत वेखंडाचे तुकडे. त्यांचा वास अजून आहे, तो मात्र कॅमेऱ्यात येत नाही.

हे पान बघा. कडा कसरीनं खाल्ल्यात, ओळींना भोकं पडलीत. आणि मधली ही पिवळी पट्टी? तिला कशानं तोंड लावलेलं नाही.

हा हरताळ, एक पिवळं खनिज. अक्षर चुकलं तर त्यावर हा फासायचा, वाळला की वरून बरोबर अक्षर लिहायचं. 'नियमाला हरताळ फासला' म्हणतो, तो हाच. बंदचा हरताळ वेगळा. हाटाला ताळं, तो आपल्या गुजराती शेजाऱ्यांचा.

(दृश्य : खल, बत्ता, पिवळी पूड)

हा पत्री हरताळ. अभ्रकासारखे पापुद्रे सुटतात, उन्हात धरला की सोनंच. आयुर्वेदाच्या रसशास्त्रात पारा-गंधकाच्या पंगतीला बसणारा. घटक दोनच, गंधक आणि आर्सेनिक. आधी कोरडाच खलायचा. मग वस्त्रगाळ. मग बाभळीच्या डिंकाचं पाणी थेंबथेंब घालत पुन्हा घोटायचा, बोटांना कण लागेनासा होईपर्यंत. इथे घाई केली की लेप खरखरीत होतो आणि बोरू अडखळतो. नेपाळात तर पोथीचा अख्खा कागदच याने पिवळा करत.

काळ थोपवणारी जादू वगैरे काही नाही. किडा विष खात नाही, इतकंच. माणसालाही ते विषच, म्हणून हातमोजे, तोंडावर फडकं, आणि घरी करून बघू नका.

उजेडानंही हरताळ फिका पडतो, प्रखर असेल तर लवकर. पुढचं चित्रण आम्ही दिवे बंद करून, खिडकीच्या उजेडात केलंय.

(दृश्य : प्राच्यविद्या मंदिर, बाहेरून)

वडोदऱ्याचं प्राच्यविद्या मंदिर, जुनी हस्तलिखितं जपणारी संस्था, स्थापना १९२७. वाल्मीकि रामायणाची चिकित्सित आवृत्ती इथूनच निघाली, १९६० ते १९७५ या काळात, ठिकठिकाणच्या हस्तलिखितांचे पाठ ताडून. माळ्यावरच्या पेट्या इथवर पोचायला हव्यात. वाडा पाडताना पेटी कोण उघडून बघतं?

(दृश्य : शेवटचं पान, आजींचे हात)

पोथी संपते तिथे लिहिणाऱ्यानं, जुन्या रिवाजाप्रमाणे, पोथीच्याच तोंडी विनवणी घातली आहे :

तैलाद्रक्षेत् जलाद्रक्षेत् रक्षेत् शिथिलबन्धनात्.

तेलापासून जप, पाण्यापासून जप, सैल बांधणीपासून जप.

आजी रुमालाची गाठ सोडतात, आणि पुन्हा घट्ट बांधतात.