चिमूटभर माती

(दृश्य: ठाण्यात, नौपाड्यातल्या एका जुन्या इमारतीचा जिना. पायरीपायरीवर रांगोळीची पावलं.)

आज सकाळपासून या जिन्यावर कुणी चप्पल घालून चढलेलं नाही. सज्जनगडावरून समर्थांच्या पादुका भिक्षेच्या दौऱ्यावर निघतात, गावोगाव फिरतात. आज त्या इथे दुसऱ्या मजल्यावर, माझ्या मावशीकडे येणार आहेत. मावशी पहाटे चारला उठली आहे. परात चिंचेनं घासून झाली, पाट मांडून झाला, सुपात शिधा काढून झाला. तांदूळ, तूरडाळ, गुळाचा खडा. तरी ती उंबरठ्यापर्यंत जाते, खाली डोकावते, परत येते.

मग खालून घोष ऐकू येतो. जय जय रघुवीर समर्थ!

(दृश्य: परातीतल्या पादुका, जवळून. कोमट पाण्याची धार.)

पाणी, दूध, पुन्हा पाणी. गंध, तुळस, फूल. एरवी मावशी काम करायला लागली की स्वयंपाकघरात भांडी वाजतात. आत्ता तिचे हात बघा. ओल्या पादुका ती पांढऱ्या सुती रुमालानं टिपते आहे. पुसत नाही, टिपते आहे, तान्ह्या बाळाला न्हाऊ घातल्यावर टिपतात तशी. पूजा आटोपल्यावर तो रुमाल ती धुवायला टाकत नाही. घडी करून देवघराच्या खणात ठेवते. खणात असे आणखीही रुमाल आहेत. काहींच्या घड्या पिवळ्या पडल्यात.

रुमालाला लागून काय आलं? थोडं पाणी, थोडं चंदन. पण तो पादुकांना लागला, आणि पादुका समर्थांच्या. मावशीला एवढं पुरतं.

समर्थांनी देह ठेवला त्याला साडेतीनशे वर्षं होत आली. सज्जनगडावर शेजघरात त्यांचा पलंग आहे, कुबडी आहे, कल्याणस्वामी ज्यांतून पाणी वाहून आणत ते मोठे हंडे आहेत. गडावर गेलेला माणूस समाधीपुढे डोकं टेकतो, पण त्या हंड्यांपुढे जरा जास्त वेळ थांबतो, हे मी पाहिलंय. समाधी देवाची वाटते. हंडा बघितला की वाटतं, हे खांद्यावर घेऊन कुणीतरी खरंच हा डोंगर चढत होतं.

बौद्ध परंपरेनं या गोष्टीचा फार पूर्वी विचार केला. तिथे पूजनीय अवशेषांचे तीन प्रकार मानतात. शारीरिक, म्हणजे अस्थी. पारिभोगिक, म्हणजे त्या माणसाच्या वापरातली वस्तू. आणि उद्देशिक, म्हणजे त्याची आठवण म्हणून घडवलेली प्रतिमा. बुद्धाच्या महापरिनिर्वाणानंतर अस्थींवरून राजांमध्ये युद्धाची वेळ आली, तेव्हा द्रोण नावाच्या ब्राह्मणानं त्यांचे आठ भाग करून दिले. स्वतःसाठी त्यानं काय मागितलं? ज्या भांड्यानं अस्थी मोजल्या, ते रिकामं भांडं. त्यावर त्यानं स्तूप बांधला.

(दृश्य: नालासोपारा. झाडीतला विटांचा स्तूप.)

नालासोपारा 2014 पर्यंत ठाणे जिल्ह्यात होतं, आता पालघरमध्ये आहे. इथल्या टेकाडाला गावातले लोक बुरुड राजाचा कोट म्हणत. 1882 च्या एप्रिलमध्ये पंडित भगवानलाल इंद्रजींनी हे टेकाड खणायला घेतलं. जुनागडचे भगवानलाल, भाऊ दाजी लाडांच्या सहवासात तयार झालेले. टेकाडाच्या मध्यावर त्यांना एक मोठी दगडी पेटी लागली.

पेटीत मधोमध तांब्याचा डबा. त्याच्या भोवती बुद्धांच्या आठ ब्राँझ मूर्ती, त्यांतला एक मैत्रेय, अजून यायचा असलेला बुद्ध. तांब्याच्या डब्यात चांदीचा. चांदीच्या डब्यात दगडाचा. दगडाच्या डब्यात स्फटिकाचा. स्फटिकाच्या डब्यात सोन्याचा. आणि सोन्याच्या डब्यात मातीच्या भांड्याचे तेरा बारीक तुकडे.

खापराचे तुकडे. आपल्याकडे माठ फुटला की कुंडीच्या तळाशी टाकतो तसले. भगवानलालांचा निष्कर्ष होता की हे बुद्धाच्या भिक्षापात्राचे तुकडे म्हणून इथे ठेवलेले आहेत. आज ही पेटी मुंबईत, एशियाटिक सोसायटीकडे आहे.

मला राहून राहून त्या डब्यांचं वाटतं. ते कुणी बंद केले असतील? सोन्याचं झाकण लावलं, मग स्फटिकाचं, मग दगडाचं, आणि दर वेळी आतली वस्तू डोळ्यांआड होत गेली. वर दगडी झाकण, त्यावर विटा, त्यावर माती. म्हणजे हे कुणाला दाखवण्यासाठी नव्हतंच. ते तिथे असणं महत्त्वाचं होतं. लोक बाहेरून प्रदक्षिणा घालत होते. मावशीच्या खणातले रुमालसुद्धा ती कुणाला काढून दाखवत नाही. मला ते दिसले, कारण मी हळदीची डबी शोधत होते.

याच सोपाऱ्यात अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडा सापडला. त्या लेखाचा विषय असा, की पूर्वीचे राजे शिकारीच्या सहलींना जायचे, पण हा राजा संबोधीला, म्हणजे बोधगयेला गेला. शिकार सुटली, यात्रा सुरू झाली. एक राजा शिकार सोडून बोधगयेला गेला आणि ते त्यानं इतक्या लांबच्या बंदरात दगडावर कोरून ठेवलं!

(दृश्य: ठाण्याची खाडी, ओहोटीची वेळ. चिखलात रुतलेली होडी.)

आता पुन्हा ठाण्यात या, पण सातशे वर्षं मागे. साल 1321. ठाणे तेव्हा मोठं बंदर होतं. चार फ्रान्सिस्कन, म्हणजे असिसीच्या संत फ्रान्सिसच्या पंथातले, साधू होर्मुझहून जहाजानं कोल्लमकडे निघाले होते, जहाज ठाण्याला लागलं. तोलेंतिनोचे थॉमस, पादुआचे जेम्स, सिएनाचे पीटर, आणि जॉर्जियातल्या तिफ्लिसचे दिमित्रियस. अंगावर जाडाभरडा झगा, कमरेला दोरी. शहरात सिरियन परंपरेची ख्रिस्ती कुटुंबं राहत होती, त्यांतल्या एका घरी ते उतरले. त्या घरात नवरा-बायकोचं भांडण झालं, नवऱ्यानं हात उचलला, बाई काजीकडे गेली आणि साधूंना साक्षीला बोलावणं आलं. साक्षीवरून बोलणं धर्मावर गेलं, वाद पेटला आणि शेवटी शहराच्या अधिकाऱ्यानं चौघांनाही मारवलं. हे ऐकून दिल्लीच्या सुलतानानं त्या अधिकाऱ्याला शिक्षा केली, असंही नोंदलेलं आहे.

त्यांच्याबरोबर आणखी एक ख्रिस्ती साधू आले होते, जॉर्डेनस. ते त्या वेळी ठाण्यात नव्हते. परत आल्यावर त्यांनी चौघांचे देह सोपाऱ्याला नेऊन पुरले. सोपाऱ्यालाच! जिथे काही अंतरावर ते तेरा तुकडे पाच डब्यांच्या आत मातीखाली पडून होते.

थोड्याच काळात ओदोरिक नावाचा आणखी एक फ्रान्सिस्कन इथे आला. त्यानं त्या अस्थी उकरून काढल्या, चांगल्या कापडात गुंडाळल्या आणि चीनच्या वाटेला लागला. त्याचा प्रवासवृत्तांत 1330 मध्ये इटलीत लिहून घेतला गेला. त्यात तो सांगतो, की तो झोपला होता त्या घराला आग लागली, सगळं जळलं, पण अस्थी होत्या तो कोपरा राहिला. समुद्रात वारा पडला तेव्हा एक अस्थी पाण्यात सोडली आणि शिडं भरली. शेवटी झैतून बंदरात, आजच्या च्वानचौला, त्यानं त्या आपल्या बांधवांच्या मठात पोहोचवल्या. सोपाऱ्यात उकरताना आणि पुढे महिनोन्‌महिने ते गाठोडं उशाशी घेऊन झोपताना त्याला काय वाटलं असेल, त्याचा अंदाज ते कापड 'चांगलं' होतं या एका शब्दावरून येतो.

पण त्याच्या वृत्तांतातली एक छोटी नोंद मला सगळ्यात जवळची आहे. ओदोरिक म्हणतो, या साधूंना मारलं त्या जागेची माती ठाण्याचे लोक घेऊन जातात. पाण्यात कालवतात. आजारी माणसाला पाजतात, आणि तो बरा होतो.

ठाण्याचे लोक. त्यांतल्या बहुतेकांचा ख्रिस्ती धर्माशी काही संबंध नव्हता. परक्या देशाचे, परक्या भाषेचे चार साधू. आल्या आल्या मारले गेलेले. त्यांचं नावही कुणाला धड उच्चारता आलं नसेल. तरी कुणीतरी आई वाटी घेऊन तिथे गेली, चिमूटभर माती उचलली आणि घरी येऊन पाण्यात कालवली. अंगारा लावणारे, पायधूळ कपाळाला लावणारे आपण, आपल्याला हे समजावून सांगावं लागत नाही.

बुद्ध भिक्षापात्र घेऊन दारोदार गेले. फ्रान्सिसच्या साधूंनी पैसा जवळ बाळगायचा नाही, मागून खायचं, असा नियमच होता. समर्थांनी झोळी घेतली आणि ती झोळी आजही ठाण्याचे जिने चढते. तिघांनीही स्वतःचं म्हणून काही ठेवलं नाही. त्यांचं खापर, त्यांचं हाड, त्यांच्या पायांखालची धूळ लोकांनी सोन्यात, कापडात, वाटीत सांभाळून ठेवली. मला यात अंधश्रद्धा दिसत नाही. ताप उतरण्यासाठी औषधच लागतं, हे त्या जिन्यावरच्या प्रत्येकाला ठाऊक आहे. पण रात्रभर उशाशी बसलेल्या माणसालाही काहीतरी हातात धरायला लागतं.

(दृश्य: पुन्हा नौपाडा. पादुका पुढच्या घरी गेल्या आहेत. जिन्यावरची रांगोळी पावलांनी विस्कटलेली.)

परातीत तीर्थ उरलंय, त्यात तुळशीची दोन पानं. तळमजल्यावरच्या काकू दारात आल्या आहेत, हातात स्टीलची छोटी वाटी. नातवाला तीन दिवस ताप आहे. डॉक्टरांच्या गोळ्या चालू आहेत, रक्त तपासायला दिलंय. मावशी काही विचारत नाही. पळीनं तीर्थ वाटीत घालते, एक पळी, दोन पळ्या.

काकू वाटीवर तळहात झाकतात आणि कठड्याला धरून, एकेक पायरी बघत, खाली उतरतात.