पडद्यावरचा ‘ऱ्या’ आणि लिबफॉन्टमॅनेजर

[दृश्य : जावा प्रोग्रामची छोटी खिडकी. एकाखाली एक दोन शब्द : दर्या, दऱ्या.]

निवेदन : वरचा दर्या समुद्राचा, खालच्या दऱ्या सह्याद्रीतल्या. दोन्ही शब्द मेमरीत पाच-पाच कोडचे, म्हणजे युनिकोड क्रमांकांचे. फरक फक्त दुसऱ्या कोडचा : वर 0930, खाली 0931. पण पडद्यावर बघा. वर ‘र’चा रफार होऊन तो ‘या’च्या डोक्यावर चढलाय, खाली तोच ‘र’ आडवा होऊन ‘या’ला चिकटलाय. ही जुळणी कोण करतं?

[दृश्य : टर्मिनल. लिनक्सवरच्या जेडीके 17 चं, म्हणजे जावाच्या साधनसंचाचं, ‘लिब’ फोल्डर. एका नावावर कर्सर थांबतो.]

निवेदन : हे काम या फाइलमध्ये होतं. लिबफॉन्टमॅनेजर डॉट एसओ. विंडोजवर तिचं शेपूट डीएलएल, मॅकवर डायलिब. जावाचा बाइटकोड, म्हणजे प्रोग्रामचं भाषांतरित रूप, कुठल्याही मशीनवर चालतो. ही फाइल मात्र त्या-त्या प्रोसेसरसाठीच बनवलेली असते. इंटेलची फाइल एआरएमवर चालत नाही.

[दृश्य : हेक्सडंप, म्हणजे फाइलमधले बाइट आकड्यांत. पहिले चार बाइट ठळक.]

निवेदन : 7एफ, 45, 4सी, 46. ही फाइलच्या प्रकाराची खूण. लिनक्सचा लोडर, म्हणजे फाइल मेमरीत चढवणारा भाग, आधी हे चार बाइट बघतो आणि मगच फाइल हातात घेतो.

[दृश्य : ‘एनएम’ कमांड, फाइलमधल्या फंक्शनांची नावं दाखवणारी. नावांची लांबलचक यादी सरकते आणि थांबते.]

निवेदन : यादीतलं हे नाव नीट वाचा : जावा_सन_फॉन्ट_सनलेआउटइंजिन_शेप. आधी ‘जावा’, मग पॅकेज, मग क्लास, शेवटी मेथड, म्हणजे जावातलं फंक्शन. जावाच्या बाजूला त्या मेथडपुढे ‘नेटिव्ह’ लिहिलेलं असतं आणि आत एकही ओळ नसते; खरं काम सी भाषेतल्या कोडमध्ये होतं. प्रोग्राम ‘लोडलायब्ररी’ म्हणतो आणि नुसतं ‘फॉन्टमॅनेजर’ सांगतो; पुढचं ‘लिब’ आणि मागचं ‘एसओ’ जावा स्वतः लावून घेतं. मेथडला पहिल्यांदा हाक मारली जाते, तेव्हा जावा चालवणारं व्हर्च्युअल मशीन याच नावाने सी-तलं फंक्शन हुडकतं. नावात एक अक्षर चुकलं, तरी गाठ पडत नाही. ही पद्धत जेएनआयची (जावा नेटिव्ह इंटरफेस), 1997 च्या जेडीके 1.1 पासूनची.

[दृश्य : सी-चा सोर्स कोड. नंतर तोच ‘ऱ्या’ खूप मोठा करून.]

निवेदन : या फंक्शनमागे हार्फबझ आहे, अक्षरांची जुळणी करणारं. बेहदाद एस्फाहबोद आणि अनेकांनी वर्षानुवर्षं घडवलेलं, खुलं सॉफ्टवेअर. 2017 मध्ये, जेडीके 9 पासून, जावाने मजकूर जुळवायला तेच नेमलं. ते फॉन्टमधले नियम वाचतं, पहिली वेलांटी अक्षराच्या अलीकडे नेतं, ‘क’, हलंत आणि ‘ष’ यांचा ‘क्ष’ करतं. साधा इंग्रजी मजकूर सहसा या वाटेला येतच नाही. म्हणून आमचं आग्रहाने सांगणं आहे : मराठीसाठी जावात काम करणाऱ्याने ही फाइल एकदा तरी उघडून बघावी. आपली जोडाक्षरं इथे घडतात.

[दृश्य : नव्या जेडीकेचा कोड, शेजारी जुना.]

निवेदन : मार्च 2024 मध्ये जावा 22 ने सी-कडे जायची नवी वाट पक्की केली. तिच्यात जोडणीचा सी-कोड हाताने लिहावा लागत नाही. हार्फबझला हाक मारायचं कामही त्याच आवृत्तीत त्या वाटेवर आलं. हार्फबझ मात्र तेच राहिलं. 2025 च्या जावा 24 पासून बाहेरची नेटिव्ह लायब्ररी परवानगीवाचून लोड केली, तर इशारा छापला जातो.

[दृश्य : काटछाट केलेला कंटेनर, म्हणजे सर्व्हरवर प्रोग्राम चालवायची बंदिस्त पेटी. लाल अक्षरांत अनसॅटिस्फाइडलिंकएरर, म्हणजे नेटिव्ह जोडणी न झाल्याची चूक.]

निवेदन : फॉन्टमॅनेजरला स्वतःलाही एक सोबती लागतो, लिबफ्रीटाइप, फॉन्ट वाचणारी लायब्ररी. तो नसला की सर्व्हरवरची पावती, दाखला, अहवाल, सगळं अडतं. त्याचं पॅकेज टाकलं की प्रोग्राम चालू होतो. देवनागरी फॉन्टही सोबत टाकावा लागतो, नाहीतर कागदावर नुसत्या चौकटी उमटतात.